टोपी, रीळ आणि कोठार

१८९७ साली फ्रान्सचे राष्ट्राध्यक्ष फेलिक्स फोर रशियाच्या भेटीला गेले. तिथे मानवंदना घेताना त्यांनी टोपी उतरवली नाही, असा आक्षेप जर्मनीच्या बिस्मार्कने घेतला. बोलेस्वाफ मातुशेव्स्की नावाचा पोलिश छायाचित्रकार तिथे कॅमेऱ्यानिशी हजर होता. त्याची फिल्म दाखवल्यावर बिस्मार्क तोंडघशी पडला. टोपी रीतसर उतरवलेली होती!

एवढ्याशा मानापमानातून फिल्म जपण्याच्या विचाराला जोर आला. मार्च १८९८ मध्ये मातुशेव्स्कीने पॅरिसमध्ये पुस्तिका छापली. चलच्चित्र हा इतिहासाचा पुरावा आहे, तेव्हा कागदपत्रांसारखे त्याचेही कोठार हवे, ही त्याची मागणी. सिनेमा तेव्हा धड तीन वर्षांचाही नव्हता. कोणी मनावर घेतले नाही.

त्या बेफिकिरीची झळ आपल्यालाही लागली. १९०१ च्या डिसेंबरात रँग्लर परांजपे केंब्रिजहून परतले, तेव्हाचे मुंबईतले स्वागत सावेदादा भाटवडेकरांनी चित्रित केले. भारतीयाने टिपलेला हा पहिला वार्तापट मानतात. तो आज उपलब्ध नाही. त्या काळची नायट्रेट फिल्म एकदा पेटली की पाण्याखालीही जळते, त्यामुळे ती सांभाळणे जिकिरीचे. शिवाय तिच्यात चांदी. बोलपट आल्यावर मूकपटांना गिऱ्हाईक उरले नाही, आणि कितीतरी रिळे चांदीसाठी गाळली गेली.

पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय निघाले ते थेट १९६४ मध्ये. पुढच्याच वर्षी पी. के. नायर तिथे आले आणि उरलेसुरले गोळा करत सुटले. फाळक्यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’च्या चार रिळांपैकी पहिले आणि शेवटचेच आज हाती आहे.

नायट्रेटनंतरची ॲसिटेट फिल्म तशी सहज पेटत नाही, पण आंबते. म्हणून रिळाचा डबा उघडला की आधी नाक कामाला लागते. व्हिनेगरचा वास आला तर फिल्म आकसायला लागली असे समजावे. मग तिची छिद्रे प्रोजेक्टरच्या दातांत नीट बसत नाहीत आणि जबरदस्ती केली की ती फाटते. असा डबा ताबडतोब बाजूला काढतात, कारण त्याची वाफ शेजारच्या रिळांनाही नासवते. पुढे हातमोजे घालून, टेबलावर, हाताने हळूहळू उलगडायचे.

तुमच्या माळ्यावर आजोबांच्या काळातली रिळे असतील तर हौसेने जुन्या प्रोजेक्टरवर चढवू नका, भंगारवाल्याला तर मुळीच देऊ नका. पुण्याच्या लॉ कॉलेज रस्त्यावरच्या संग्रहालयाला आधी विचारा.