सरनोबत नेताजी पालकर : उदय, पदच्युती आणि पुनरागमन – एक ऐतिहासिक अभ्यास

प्रस्तावना

रायगड जिल्ह्याचा इतिहास म्हटला की अभ्यासकांचे लक्ष प्रथम किनाऱ्याकडे जाते. अलिबाग, मुरूड, चौल आणि आंग्रे-सिद्दी संघर्ष यांवर विपुल लेखन झाले. त्या मानाने सह्याद्रीच्या पायथ्याचा कर्जत-खालापूरचा अंतर्भाग उपेक्षित राहिला. बोरघाट, कुरवंडे आणि कुसूर या घाटवाटा याच भागात उतरतात. उल्हास, पाताळगंगा व अंबा या नद्यांची खोरी देशावरून कोकणात येणाऱ्या सैन्याला आणि व्यापाऱ्याला वाट देतात. खालापूर तालुक्यातील चौक हे गाव शिवकालीन सरनोबत नेताजी पालकर यांचे जन्मगाव मानले जाते. त्याला मुख्य आधार स्थानिक परंपरेचा आहे.

सुमारे आठ वर्षे स्वराज्याच्या घोडदळाचे नेतृत्व करणारा हा सेनापती एकाएकी पदावरून दूर होतो, विजापूरकरांकडे व तेथून मोगलांकडे जातो, धर्मांतरित होतो आणि दहा वर्षांनी परत येतो. या कारकिर्दीकडे ‘फितुरी’ अथवा ‘गनिमी डाव’ या दोनच दृष्टींनी पाहिले गेले आहे. प्रस्तुत लेखात उपलब्ध साधनांच्या आधारे या दोन्ही मतांची तपासणी करण्याचा प्रयत्न केला आहे.

साधनांचे स्वरूप

नेताजींच्या कारकिर्दीची साधने तीन प्रकारची आहेत. पहिला प्रकार कवींद्र परमानंदाचे ‘शिवभारत’ आणि जेधे शकावली यांसारख्या स्वकीय साधनांचा. दुसरा मिर्झाराजा जयसिंगाच्या पत्रांचा संग्रह ‘हफ्त अंजुमन’ व मोगल दरबाराची बातमीपत्रे यांचा. तिसरा इंग्रज वखारींच्या पत्रव्यवहाराचा. सभासदाची बखर 1697 च्या सुमारास जिंजी येथे लिहिली गेली, म्हणजे मूळ घटनांनंतर सुमारे तीस वर्षांनी. सभासद शिवरायांच्या दरबारातील माणूस असल्याने त्याच्या माहितीला मोल आहे. मात्र त्याने दिलेला घटनाक्रम इतर साधनांशी ताडून पाहणे आवश्यक ठरते.

सरनोबतीचा काळ

24 ऑक्टोबर 1657 रोजी कल्याण-भिवंडी स्वराज्यात आली आणि उत्तर कोकणचा मुलूख शिवरायांच्या ताब्यात येऊ लागला. याच सुमारास माणकोजी दहातोंडे यांच्यानंतर सरनोबतीची वस्त्रे नेताजींकडे आली. सभासदाच्या म्हणण्यानुसार त्यांच्या वेळी पागा सात हजार व शिलेदार तीन हजार, असे दहा हजारांचे घोडदळ झाले. बारगिराला घोडा सरकारचा, तर शिलेदाराचा घोडा स्वतःचा. पागेची संख्या शिलेदारांच्या दुपटीहून अधिक असणे याचा अर्थ सैन्य वतनदारांच्या मर्जीवर नव्हे, तर राज्याच्या तिजोरीवर उभे होते. नेताजींच्या यशाचा विचार करताना ही रचना लक्षात ठेवली पाहिजे.

10 नोव्हेंबर 1659 रोजी प्रतापगडाच्या पायथ्याशी अफजलखान मारला गेला. त्यानंतर नेताजींच्या घोडदळाने विजापूरच्या मुलखात खोलवर मुसंडी मारली. 28 डिसेंबर रोजी कोल्हापूरजवळ रुस्तुमेजमानचा पराभव झाला, त्या युद्धातही ते होते. मात्र 1660 साली सिद्दी जौहरने पन्हाळ्याला घातलेला वेढा फोडण्याचा नेताजी व सिद्दी हिलाल यांचा प्रयत्न फसला. हे अपयश येऊनही त्यांचे पद कायम राहिले, ही बाब पुढील विवेचनासाठी महत्त्वाची आहे.

फेब्रुवारी 1661 च्या प्रारंभी आजच्या खालापूर तालुक्यातील उंबरखिंडीत कारतलबखानाची फौज कोंडली गेली. या लढाईचे नेतृत्व स्वतः शिवरायांनी केले. विजयानंतर महाराज दक्षिण कोकणच्या मोहिमेवर गेले, तेव्हा मोगलांवर नजर ठेवण्याची जबाबदारी नेताजींवर सोपविण्यात आली. मार्च 1663 मध्ये मोगलांनी त्यांचा दूरवर पाठलाग केला. इंग्रजांच्या पत्रानुसार त्यात त्यांची 300 घोडी गेली आणि ते स्वतः जखमी झाले, तरी शत्रूच्या हाती लागले नाहीत. ‘प्रतिशिवाजी’ ही त्यांची ख्याती अशा वेगवान हालचालींतून निर्माण झाली.

पुरंदरचा तह आणि पन्हाळ्याचे अपयश

जून 1665 मधील पुरंदरच्या तहाने 23 किल्ले मोगलांकडे गेले. चौकच्या परिसरातून दिसणारा प्रबळगड आणि जवळचा कर्नाळा हे त्यांपैकीच. म्हणजे ज्या मुलखातून नेताजी पुढे आले, त्या मुलखावरचे पहारेही आता मोगलांचे झाले. तहातील अटीप्रमाणे शिवरायांना जयसिंगाबरोबर विजापूरच्या स्वारीत जावे लागले. नोव्हेंबर 1665 मध्ये निघालेल्या या फौजेत 2,000 मराठा स्वार व 7,000 पायदळ होते. ज्यांच्याशी काल लढलो त्यांच्याच झेंड्याखाली लढण्याची वेळ मराठा सरदारांवर आली.

विजापूरसमोर जयसिंगाला माघार घ्यावी लागली. तेव्हा शिवरायांनी पन्हाळ्यावर चाल केली. परंतु 16 जानेवारी 1666 चा हल्ला फसला आणि सुमारे हजार माणसे कामी आली. नेताजी वेळेवर पोहोचले नाहीत, म्हणून त्यांना शब्द लावून सरनोबती दूर केली आणि ती कडतोजी ऊर्फ प्रतापराव गुजर यांस दिली, असे कारण सभासदाच्या कथनातून अभ्यासक घेतात.

यानंतर नेताजी विजापूरकरांकडे गेले. यदुनाथ सरकारांनी या व्यवहाराची रक्कम चार लक्ष होन दिली आहे. जयसिंगाला हा धोका ताबडतोब उमगला. मार्च 1666 मध्ये त्याने पाच हजारी मनसब, जहागीर आणि 38,000 रुपये रोख देऊन नेताजींना मोगलांकडे वळविले.

अटक, धर्मांतर आणि पुनरागमन

17 ऑगस्ट 1666 रोजी शिवराय आग्र्याहून निसटले. त्यानंतर लगेच औरंगजेबाने नेताजींना कैद करण्याचा हुकूम पाठविला. ऑक्टोबरमध्ये धारूर येथे त्यांना पकडून दिल्लीला नेण्यात आले. 1667 च्या प्रारंभी त्यांचे धर्मांतर होऊन मुहम्मद कुलीखान हे नाव पडले आणि त्यांना काबूलच्या बाजूला धाडण्यात आले. पुढे दक्षिणेत दिलेरखानाच्या फौजेबरोबर आलेले नेताजी शिवरायांकडे परतले. 19 जून 1676 रोजी त्यांना विधिपूर्वक स्वधर्मात घेण्यात आले.

मतांची तपासणी

नेताजींचे जाणे ही शिवरायांचीच योजना होती, असे एक मत आहे. आग्र्याच्या सुटकेनंतर तत्काळ झालेली अटक त्याच्या पुष्ट्यर्थ दाखविली जाते. परंतु बादशहाचा संशय हा पुरावा होऊ शकत नाही. शिवाय योजना मोगलांच्या गोटात शिरण्याची असती, तर आधी विजापूरकरांकडे जाण्याचे प्रयोजन उरत नाही.

केवळ लोभाचे मतही अपुरे आहे. 1660 मध्ये पन्हाळ्याखालीच अपयश येऊन पद टिकले. 1666 मध्ये मात्र गेले. फरक परिस्थितीत होता. तहानंतर राज्य संकुचित झाले होते, जयसिंगाची नजर होती आणि हजार माणसांच्या हानीचा जाब कोणाला तरी द्यावा लागणार होता. अपमानित सेनापतीची किंमत दोन्ही दरबारांनी तत्काळ लावली, यावरून त्याचे लष्करी मूल्य कळते. त्यांनी ती किंमत स्वीकारली, हेही नाकारता येत नाही.

निष्कर्ष

1) नेताजींच्या पदच्युतीचे तात्कालिक कारण पन्हाळ्याचे अपयश असले, तरी तिची पार्श्वभूमी पुरंदरच्या तहाने निर्माण केली.

2) त्यांचे पक्षांतर पूर्वनियोजित होते, असे मानण्यास समाधानकारक पुरावा नाही.

3) 1674 चा राज्याभिषेक नेताजींच्या गैरहजेरीत झाला. परतल्यावर त्यांना सरनोबती मिळाली नाही. ती हंबीरराव मोहित्यांकडे होती. शिवरायांनी त्यांना धर्मात आणि माणसांत घेतले, परंतु एकदा काढलेले पद परत दिले नाही. क्षमा आणि राज्याची शिस्त यांतील ही सीमारेषा शिवकालीन राज्यव्यवहाराच्या अभ्यासात अधिक महत्त्वाची आहे.

4) कर्जत-खालापूर परिसरात नेताजींची आठवण शूर सरनोबत म्हणून जपली जाते. ती जपताना 1666 ते 1676 ही दहा वर्षे वगळण्याची गरज नाही. त्या वर्षांसह पाहिले, तरच हा माणूस आणि त्याचा काळ दोन्ही नीट समजतात.