पोथीतले चित्र, फोनमधली चौकट

गोदावरीकाठच्या पैठणच्या नावाने ओळखली जाणारी चित्रकथीची चित्रे आता पुण्याच्या राजा दिनकर केळकर संग्रहालयात आहेत. सुपरहिरोंचे कॉमिक्स फोनवर कसे आले, याची कुळकथा सांगताना सुरुवात या चित्रांपासून करावी, असे माझे मत आहे. दोन-दोन चित्रे पाठीला पाठ लावून चिकटवायची आणि एका आख्यानाची एक पोथी बांधायची, अशी ही रीत. कथेकरी एक चित्र समोर धरतो, त्यावरचा प्रसंग गाऊन-बोलून संपवतो, मग पुढचे काढतो. सीता तोच बोलतो, रावणही तोच. कल्याणीचा चालुक्य राजा तिसरा सोमेश्वर याच्या बाराव्या शतकातल्या ‘मानसोल्लासा’त चित्रे दाखवून कथा सांगणाऱ्याचा उल्लेख आहे, म्हणजे धंदा तेव्हाच रुळलेला असणार. सिंधुदुर्गात पिंगुळीच्या ठाकरांनी तो आजवर राखला. तिथल्या परशुराम गंगावणे यांना २०२१ साली पद्मश्री जाहीर झाली.

आता ‘वॉचमेन’ घ्या. अ‍ॅलन मूरने लिहिलेली आणि डेव्ह गिबन्सने चितारलेली ही सुपरहिरोंची कथा डीसी कॉमिक्सने १९८६-८७ मध्ये बारा अंकांत काढली. २००८ पासून तिचे बारा भागांचे ‘मोशन कॉमिक’ आले: चित्रे मूळचीच, जराशी हलणारी, आणि सगळ्या पात्रांचे आवाज टॉम स्टेकशुल्टे या एकाच नटाचे, बायकांचेसुद्धा. यावर अनेकांनी नाके मुरडली. चित्रकथी ऐकत आलेल्या माणसाला त्यात काहीच खटकले नसते. खरी खोट निराळीच आहे. गिबन्सचे पान बहुधा नऊ सारख्या चौकटींवर उभे असते. नजर एका चौकटीत असतानाही बाकीच्या आठ डोळ्यांच्या कडेला जाणवत राहतात. पाचव्या अंकात तर पानांची मांडणी मध्यावर आरसा धरल्यासारखी आहे, पहिले पान शेवटच्याला जाब देते. चौकटी सुट्या केल्या की गोष्ट उरते, पान जाते. चित्रकथीचे चित्र मुळात एकटेच पाहण्यासाठी काढलेले असते, म्हणून सुटे केल्याने त्याचे काही बिघडत नाही.

यावर कोणी म्हणेल, पैठण आणि न्यूयॉर्क यांचा संबंध काय? वंशाचा संबंध नाही, हे कबूल. पण तंत्राचे कूळ अडचणीवरून ओळखावे. दोन्हीकडे पाहण्याची जागा लहान आणि गोष्ट लांब. फोनवर अख्खे पान मावते, पण फुग्यांतली अक्षरे वाचता येत नाहीत. म्हणून डिजिटल कॉमिक्स विकणाऱ्या कॉमिक्सॉलॉजीने ‘गाइडेड व्ह्यू’ आणला, बोट लावले की पुढची चौकट. दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे: चित्र कधी बदलायचे हे तिथे कथेकरी ठरवतो, इथे वाचक. मोशन कॉमिकमध्ये मात्र ती सत्ता पुन्हा कथेकऱ्याकडेच जाते, आणि ‘वॉचमेन’चे नुकसान सर्वांत जास्त तिथेच होते, कारण मागे वळून जुनी चौकट ताडून पाहणे हा त्या वाचनाचा अर्धा भाग आहे. फ्रेंच चित्रकार बालाक याने २००९ मध्ये पडद्यासाठीच काढलेले कॉमिक करून दाखवले. २०१२ मध्ये मार्व्हलने ‘इन्फिनिट कॉमिक्स’ त्याच वाटेने नेले. नव्या कथेला ते शोभते. जुनीला तसे करायचे तर गिबन्सची पाने मोडून नव्याने काढावी लागतील. त्यापेक्षा ‘गाइडेड व्ह्यू’मध्ये चौकटीत शिरण्याआधी आणि बाहेर पडताना पूर्ण पान दाखवण्याची जी साधी सोय आहे, ती चालू ठेवलेली बरी.