२४ फेब्रुवारी १९१४ चा ठराव

मुंबई सरकारने २४ फेब्रुवारी १९१४ रोजी सिंध आणि कच्छ यांच्यातल्या हद्दीविषयी एक ठराव काढला. सिंध १८४७ पासून मुंबई इलाख्यात होता आणि १९३६ पर्यंत तिथेच राहिला. कच्छ हे संस्थान, पण त्याचे राजकीय व्यवहारही त्या काळी मुंबई सरकारच पाहत असे. म्हणजे वाद दोघांचा असला तरी दोन्ही बाजूंच्या फायली एकाच सचिवालयात येत होत्या. त्या कचेरीत बसलेल्या कोणालाही ही रेषा पुढे दोन देशांची सरहद्द होईल असे वाटण्याचे कारण नव्हते. ठराव वाचताना हे सतत ध्यानात ठेवावे लागते, कारण पुढच्या शंभर वर्षांत त्याच्या एकेका परिच्छेदावर वकिलांनी, मुत्सद्द्यांनी आणि आरमारांनी आपापला भार टाकला.

सिंधच्या अधिकाऱ्यांचे म्हणणे होते की त्यांची हद्द पूर्वेला कोरी खाडीपर्यंत येते. कच्छच्या रावांचा दावा त्याच्या बराच पश्चिमेला जात होता. तडजोड अशी झाली की सिंधने कोरी आणि सर या दोन खाड्यांमधल्या मुलखावरचा हक्क सोडावा आणि कच्छने सर खाडीच्या पलीकडचा. मुंबई सरकारने १९१३ मध्ये ही तडजोड हिंदुस्थान सरकारकडे मंजुरीसाठी पाठवली आणि मंजुरी आल्यावर ठराव निघाला. सोबत नकाशा होता. त्यावरची हिरवी रेषा सर खाडीच्या पूर्व काठाने वर जाते आणि खाडीच्या माथ्यापासून एक तुटक निळी रेषा सरळ पूर्वेकडे निघते.

ठरावाच्या नवव्या परिच्छेदात या हिरव्या रेषेचे वर्णन आहे. दहाव्यात सिंधच्या कमिशनरचे मत नोंदवले आहे: ही खाडी आपला प्रवाह अधूनमधून बदलते, देशी गलबते तिच्यातून ये-जा करतात, तेव्हा गलबते चालतात त्या पात्राचा मध्य हीच हद्द समजावी. एकाच कागदावर, लागोपाठच्या दोन परिच्छेदांत, दोन वेगळ्या सीमा! मालक एकच असताना याने काही बिघडत नव्हते. १९२४ च्या सुमारास जमिनीवरच्या भागात खांबही उभे राहिले आणि प्रकरण मिटले असे सर्वांनी धरले.

खांब जिथे संपले तिथून पूर्वेला कच्छचे मोठे रण पसरले आहे. पावसाळ्यात पाण्याखाली, उरलेले आठ महिने मिठाचा कोरडा पापुद्रा, आणि मध्ये थोड्या उंचवट्याची, गवत उगवणारी बेटे. १८१९ च्या भूकंपाने या भागात अल्लाह बंद नावाची जमिनीची लांब वरंडी उचलली गेली आणि सिंधूच्या एका फाट्याचे पाणी कच्छला येणे बंद झाले. या रणातली हद्द १९१४ च्या ठरावाने सांगितलीच नाही. कच्छ दरबार आपल्या वार्षिक अहवालांत रण आमचे असे लिहीत राहिला आणि मुंबई सरकारने त्याला हरकत घेतली नाही. दुसरीकडे धारा बन्नी आणि छाड बेट इथल्या चराईवर सिंधच्या लोकांचा आणि सिंधच्या पोलिसांचा वावर होता.

फाळणीनंतर कच्छ भारतात आले, सिंध पाकिस्तानात गेला. जुलै १९४८ मध्येच पाकिस्तानने रणाचा प्रश्न पत्राने उपस्थित केला. फेब्रुवारी १९५६ मध्ये छाड बेटावर चकमक झाली आणि भारताने तिथे ठाणे बसवले. जानेवारी १९६० च्या दोन्ही देशांच्या समझोत्यात इतर सीमांचे बरेच प्रश्न मार्गी लागले, पण कच्छ-सिंध हद्दीपुरते ‘आणखी माहिती गोळा करून पुन्हा चर्चा करू’ एवढेच ठरले. ती चर्चा पाच वर्षांत झाली नाही. माझ्या मते या कहाणीतली सर्वांत महागात पडलेली दिरंगाई हीच.

१९६५ च्या आरंभी कांजरकोटच्या पडक्या किल्ल्याजवळ पाकिस्तानी गस्त दिसू लागली. ९ एप्रिलच्या पहाटे पाकिस्तानच्या एका ब्रिगेडने सरदार चौकीवर हल्ला केला. चौकी राखत होते केंद्रीय राखीव पोलीस दलाचे जवान, म्हणजे पोलीस. त्यांनी तो हल्ला थोपवला. आजही ते दल ९ एप्रिल हा शौर्यदिन म्हणून पाळते. महिनाअखेरीस बियार बेटाच्या परिसरात पाकिस्तानचे अमेरिकी बनावटीचे पॅटन रणगाडे उतरले. कम्युनिस्ट आक्रमणाविरुद्ध म्हणून दिलेली ही शस्त्रे भारताविरुद्ध वापरली जात आहेत, अशी तक्रार भारताने वॉशिंग्टनकडे केली. हवाई दलप्रमुख अर्जन सिंग आणि त्यांचे पाकिस्तानी समपदस्थ असगर खान यांच्यात मात्र समजूत झाली आणि दोन्ही हवाई दले रणातल्या लढाईपासून दूर राहिली. लढाई मर्यादित राहण्याचे हे एक मोठे कारण होते.

दिल्लीत संरक्षणमंत्री यशवंतराव चव्हाण होते. चीनच्या युद्धाला जेमतेम अडीच वर्षे झाली होती. रणाचा भूगोल पाकिस्तानला सोयीचा होता: बदीनचे रेल्वेस्थानक आणि विमानतळ जवळ, तर भारताची रसद भुजहून लांबचा रस्ता तुडवत येणार. म्हणून रणात मोठी लढाई न देता भारताने पंजाबच्या सीमेवर फौजा पुढे सरकवल्या. ब्रिटनचे पंतप्रधान हॅरॉल्ड विल्सन यांच्या मध्यस्थीने ३० जूनला करार झाला. १ जानेवारी १९६५ ची स्थिती परत आणायची, आधी मंत्र्यांनी बोलायचे, नाही जमले तर त्रिसदस्यीय लवादाचा निवाडा दोघांनी बंधनकारक मानायचा.

पण या चकमकीतून रावळपिंडीने वेगळाच धडा घेतला. पाकिस्तानचे परराष्ट्रमंत्री झुल्फिकार अली भुट्टो यांनी १२ मे १९६५ रोजी राष्ट्राध्यक्ष अयूब खान यांना पत्र लिहिले. भारताची लष्करी ताकद परदेशी मदतीने वाढते आहे, वेळ हातातून निसटण्याआधी काश्मीरबाबत पाऊल उचलावे, असा त्याचा आशय. ऑगस्टमध्ये घुसखोर काश्मीरमध्ये शिरले, १ सप्टेंबरला छांब आघाडी उघडली, ६ सप्टेंबरला भारतीय सेनेने लाहोरच्या दिशेने आंतरराष्ट्रीय सीमा ओलांडली. कच्छ हे त्या युद्धाचे एकमेव कारण नव्हे. मात्र ओसाड मुलखातल्या मर्यादित यशाने दुसरीकडचा मोठा जुगार सोपा भासवला, हे तारखांच्या क्रमावरून स्पष्ट दिसते. भारतानेही आपला धडा घेतला. सीमेची राखण राज्यांच्या पोलिसांवर सोपवून चालणार नाही हे कळले आणि १ डिसेंबर १९६५ रोजी सीमा सुरक्षा दल उभे राहिले.

युद्ध होऊनही लवादाचा करार मोडला नाही, ही गोष्ट पुरेशी सांगितली जात नाही. अध्यक्ष म्हणून स्वीडनचे न्यायाधीश गुन्नार लागरग्रेन यांना संयुक्त राष्ट्रांच्या महासचिवांनी नेमले. भारताच्या वतीने युगोस्लाव्हियाचे अलेश बेब्लर आणि पाकिस्तानच्या वतीने इराणचे नसरोल्लाह एन्तेझाम होते. जिनिव्हात हजारो पाने आणि शेकडो नकाशे मांडले गेले. पाकिस्तान म्हणत होते की रण हे समुद्रासारखे आहे, म्हणून ते मधोमध, २४ अक्षांशाच्या आसपास, वाटून घ्यावे. भारत म्हणत होता की हद्द रणाच्या उत्तर काठाने जाते.

लागरग्रेन यांनी जुन्या कागदांकडे ज्या पद्धतीने पाहिले ती इतिहासाच्या कोणत्याही अभ्यासकाने पाहण्यासारखी आहे. कच्छच्या अहवालांतले दावे ब्रिटिशांनी वर्षानुवर्षे विनातक्रार स्वीकारले, म्हणून रणाचा बहुतांश भाग त्यांनी भारताचा मानला. मात्र धारा बन्नी आणि छाड बेटावर शंभरहून अधिक वर्षे सिंधचा प्रत्यक्ष अंमल दिसत होता आणि कच्छने तो परिणामकारकपणे अडवला नव्हता. ती जागा पाकिस्तानला मिळाली. नगरपारकरजवळचे रणाचे दोन चिंचोळे फाटेही शांततेच्या दृष्टीने त्यांनी पाकिस्तानकडे दिले, कारण तिन्ही बाजूंनी दुसऱ्या देशाने वेढलेली पट्टी तंट्याला निमंत्रण देते. बेब्लर यांनी भारताचा दावा पूर्ण मान्य करणारे भिन्न मत लिहिले. एन्तेझाम अखेर अध्यक्षांच्या बाजूने गेले.

१९ फेब्रुवारी १९६८ च्या या निवाड्याने पाकिस्तानला मागणीच्या सुमारे दहावा हिस्सा, साधारण ३५० चौरस मैल, मिळाला. भारतात संताप उसळला. संसदेत वादळ झाले, कच्छमध्ये सत्याग्रह झाला, प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले. मगनभाई ईश्वरभाई पटेल खटल्यात न्यायालयाने जानेवारी १९६९ मध्ये सांगितले की ही भूमी दुसऱ्याला देऊन टाकणे नसून वादग्रस्त हद्द ठरवणे आहे, त्यासाठी घटनादुरुस्ती लागत नाही. त्याच वर्षी खांब रोवून झाले. रणातली ती रेषा कुठून जाते याबद्दल त्यानंतर दोन्ही सरकारांनी वाद घातलेला नाही. १९७१ चे युद्ध, कारगिल, त्यानंतरचे सारे ताण यांतून ती टिकली. छाड बेट गमावल्याचे दुःख मी खोटे मानत नाही, तरीही हा निवाडा भारताच्या पराभवांत मोजणे मला चूक वाटते.

सर खाडीचे मात्र उलटे झाले. १९१४ च्या ठरावाने तो भाग ठरलेलाच आहे असे दोन्ही देशांनी लवादापुढे मान्य केले, म्हणून लवादाने तो विचारातच घेतला नाही. नंतर तोच ठराव पुन्हा उघडला गेला. पाकिस्तान नववा परिच्छेद आणि हिरवी रेषा पुढे करते, भारत दहावा परिच्छेद आणि पात्राचा मध्य. खाडी जेमतेम ९६ किलोमीटरची, पण तिचे मुख जिथे धरावे तिथून अरबी समुद्रातली हद्द निघते, आणि मुखाशी थोडासा फरक पडला की पुढे समुद्रात तो विस्तारत जातो. २००७ मध्ये संयुक्त पाहणी झाली, २०१२ पर्यंत चर्चेच्या फेऱ्या झाल्या, रेषा ठरली नाही.

या न ठरलेल्या रेषेची किंमत मोजणारे वेगळे आहेत. कारगिल संपून महिनाही झाला नव्हता तेव्हा, १० ऑगस्ट १९९९ रोजी, पाकिस्तानी आरमाराचे अटलांटिक विमान याच भागात पाडले गेले आणि त्यातले १६ जण मेले. पाकिस्तान हेगच्या न्यायालयात गेले, जून २००० मध्ये न्यायालयाने आपल्याला अधिकार नसल्याचे सांगितले. नोव्हेंबर २००८ मध्ये कराचीहून निघालेल्या दहा दहशतवाद्यांनी पोरबंदरच्या ‘कुबेर’ या मासेमारी नौकेचा ताबा घेतला, तिच्यावरचे खलाशी मारले आणि ते मुंबईला पोचले. हद्द आखलेली असती तर तो हल्ला टळला असता असे म्हणायला आधार नाही. पण त्यानंतर या पाण्यातली प्रत्येक होडी संशयाने पाहिली जाऊ लागली. डहाणू, तलासरीकडचे आदिवासी तरुण हंगामात पोरबंदर, ओख्याच्या बोटींवर खलाशी म्हणून जातात, आणि मासळीच्या मागे गेलेली बोट पकडली गेली की वर्षानुवर्षे कराचीच्या तुरुंगात राहतात. नोव्हेंबर २०२१ मध्ये ओख्याच्या समुद्रात झालेल्या गोळीबारात पालघर जिल्ह्यातला एक मच्छीमार ठार झाला. तिकडचे मच्छीमार आपल्या तुरुंगांत असतात.

मे २००८ च्या करारानुसार दोन्ही सरकारे दर १ जानेवारीला आणि १ जुलैला एकमेकांच्या कैद्यांच्या याद्या देतात. या कैद्यांसाठी दोन्ही देशांच्या निवृत्त न्यायाधीशांची एक समिती २००७ मध्ये नेमली गेली होती. २०१३ नंतर तिच्या भेटी थांबल्या. खाडीची रेषा ठरायला आणखी वेळ लागेल, हे कागद पाहता दिसतेच. ती समिती पुन्हा कामाला लावण्यासाठी मात्र नववा किंवा दहावा परिच्छेद सोडवावा लागत नाही. पालघर आणि गुजरातच्या लोकप्रतिनिधींनी निदान एवढी मागणी तरी संसदेत एकत्र लावून धरावी.