दिनविशेष : २२ एप्रिल
१९२९ : अभिनेत्री उषा किरण यांचा वसईत जन्म झाला. माहेरचे आडनाव मराठे. ‘बादबान’ या चित्रपटातील भूमिकेसाठी त्यांना सहायक अभिनेत्रीचा पहिला फिल्मफेअर पुरस्कार मिळाला. मराठीत ‘शिकलेली बायको’ (१९५९) गाजला. पुढे त्या मुंबईच्या नगरपालही झाल्या.

पण आज आठवावा तो १९५३चा ‘पतिता’. अत्याचारातून आई झालेली मुलगी त्यांनी त्यात नायिका म्हणून उभी केली, तीही अब्रूच्या नावाने बायकांनाच घरात कोंडणाऱ्या काळात. अत्याचार सोसलेल्या बाईलाच जाब विचारण्याची खोड अजून गेलेली नाही. तुळिंज-नालासोपाऱ्यातल्या अभिनयवेड्या मुलींनी आपल्याच वसई तालुक्यात जन्मलेल्या या अभिनेत्रीचे हे काम जरूर पाहावे.