कुस्कोचे दगड आणि चिंचेरोचीं वस्त्रें

पेरू देशांतील कुस्को शहरीं जाणाऱ्या प्रवाशास अलीकडे अर्ध्या दिवसाची एक खासगी फेरी करतां येते. एक मोटार, एक वाटाड्या आणि चार-पांच तासांचा अवकाश एवढीच तिची सामग्री. शहराच्या माथ्यावरील साक्साय्वामानचा कोट प्रथम दाखवावयाचा, तेथून सुमारें तीस किलोमीटर दूर असलेल्या चिंचेरो गांवीं न्यावयाचें, तेथील बायकांचें कातणें, रंगविणें व विणणें पाहूं द्यावयाचें आणि दिवेलागणीपूर्वीं शहरांत आणून सोडावयाचें, असा तिचा एक नेहमींचा क्रम आहे. कोटापुढें प्रवासी स्तब्ध होतो. मागापुढें तो किंमतीची घासाघीस करतो. कोट हा इतिहास आणि माग हा बाजार, अशी वांटणी त्याच्या मनांत नकळत होऊन जाते. ही वांटणी बरोबर नाहीं, असें आमचें मत आहे, आणि तें कां, याचा विचार प्रस्तुत लेखांत करण्याचें योजिलें आहे.

प्रथम कोटाकडे वळूं. कुस्को शहर समुद्रसपाटीपासून सुमारें ३,४०० मीटर उंचीवर वसलें आहे, आणि इंकांची राजधानी तेथें होती. त्यांच्या साम्राज्याचा खरा विस्तार पाचाकुती या राजाच्या कारकीर्दींत, म्हणजे रूढ कालगणनेप्रमाणें इ. स. १४३८ पासून सुरू झाला. आणि १५३२ च्या नोव्हेंबरांत काहामार्का येथें आताहुआल्पा स्पॅनिशांच्या हातीं सांपडला, तेव्हां त्या विस्तारास शंभर वर्षेंही झालीं नव्हतीं. लोखंडाचें हत्यार नाहीं, चाकाची गाडी नाहीं, जुंपावयास बैल-घोडा नाहीं, अशा स्थितींत या लोकांनीं एवढ्या अल्प काळांत जें बांधलें, त्यांत साक्साय्वामान हें सर्वांत मोठें. एकीवर एक अशा तीन भिंती करवतीच्या दांत्यांप्रमाणें वळणें घेत सुमारें चारशें मीटर गेल्या आहेत. सर्वांत मोठ्या दगडाचें वजन शंभर टनांहून अधिक असावें, असा अंदाज आहे. आपल्याकडील हेमाडपंती देवळेंही चुन्यावांचून उभीं आहेत; परंतु तेथें चिरे बहुधा सरळ कोनांत घडविलेले असतात. येथें मात्र प्रत्येक दगडाचा आकार निराळा, आणि शेजारच्या दगडाच्या अंगाशीं तो असा भिडविलेला, कीं फटींत सुरीचें पातेंही शिरूं नये.

हें पाहून स्पॅनिश जेत्यांस भुताखेतांची आठवण झाली, तर आजच्या कांहीं भोळ्या लोकांस परग्रहावरील पाहुण्यांची होते. दोघांचेंही अज्ञान सारखेंच. पेद्रो सिएसा दे लेओन या स्पॅनिश शिपायानें सोळाव्या शतकाच्या मध्यास जी हकीकत लिहून ठेविली, तींत या कामावर वीस हजार माणसें होतीं असें म्हटलें आहे: चार हजार खाणींत दगड काढीत, सहा हजार ते जाड दोरांनीं ओढून आणीत, आणि बाकीचे पाये खणून भिंती रचीत. हीं माणसें गुलाम नव्हतीं. प्रत्येक कुटुंबानें पाळीपाळीनें राज्याचें काम करावें आणि राज्यानें त्या काळांत त्यांस पोसावें, अशी ‘मिता’ नांवाची ही रीत होती. दगड घडविण्याचें गूढही आतां राहिलेलें नाहीं. ज्याँ-पिएर प्रोत्सेन या वास्तुशास्त्रज्ञानें १९८० च्या दशकांत स्वतः प्रयोग करून दाखविलें, कीं नदीपात्रांतील कठीण गोटा हातोड्याप्रमाणें वापरून दगडाचें तोंड थोड्या वेळांत साफ करतां येतें; आणि वरचा दगड पुनःपुन्हां बसवून, उचलून, जेथें टेकला तेथें पुन्हां ठोकीत गेलें म्हणजे सांधा जुळतो. यांत जादू नाहीं. चिकाटी आहे, आणि हजारों हात एका वेळीं कामास लावण्याची व्यवस्था आहे.

आतां या दगडांचें पुढें काय झालें तें पाहूं. १५३६ सालीं मांको इंकानें बंड उभारून कुस्कोस वेढा घातला व कोट काबीज केला. तो परत घेतांना फ्रान्सिस्को पिझारोचा भाऊ हुआन पिझारो डोक्यास दगड लागून मेला. रणांगणावरील प्रेतांवर काँडर गिधाडांचे थवे उतरले, आणि त्यांची आठवण म्हणून कुस्कोच्या मानचिन्हावर आठ काँडर काढण्यांत आले. लढाई संपल्यावर कोटास निराळ्याच नशिबास तोंड द्यावें लागलें. शहरांत घरें व देवळें बांधणाऱ्या स्पॅनिशांस ती एक आयती खाणच मिळाली. जे दगड हलविण्याजोगे होते ते खालीं गेले, आणि केवळ फार मोठे होते म्हणून उरलेले आज आपणांस दिसतात. गार्सिलासो दे ला व्हेगा हा इंका मातेचा व स्पॅनिश पित्याचा पुत्र १५३९ सालीं कुस्कोस जन्मला. लहानपणीं तो याच पडक्या कोटांत खेळला, आणि १६०९ सालीं लिस्बनला छापलेल्या आपल्या ग्रंथांत त्यानें या नासधुशीबद्दल खेद केला. कोटाचा माथा इतका साफ झाला होता, कीं तेथील बुरुजांचे पाये १९३४ च्या उत्खननांतच पुन्हां दृष्टीस पडले. तेथें दरवर्षीं २४ जून रोजीं सूर्याचा जो उत्सव होतो, तोही अखंड चालत आलेला नव्हे. १९४४ सालीं, मुख्यतः गार्सिलासोच्याच वर्णनावरून, तो नव्यानें रचण्यांत आला.

वस्त्रांची कथा याहून निराळी आहे. इंकांच्या राज्यांत कापड हें केवळ अंग झांकण्याचें साधन नव्हतें. सरकारी कोठारांत धान्याबरोबर कापडाच्या राशी असत. सैनिकांस कापड मिळे. जिंकलेल्या सरदारास राजाकडून उंची वस्त्राची भेट जाई, आणि तिचा स्वीकार म्हणजे अधिपत्याचा स्वीकार समजला जाई. देवास वस्त्र अर्पण करून तें जाळीत. ‘कुंपी’ नांवाचें अत्यंत तलम कापड विणण्यास निवडलेल्या स्त्रिया व वाकबगार पुरुष राज्यानें वेगळे ठेविले होते. सोन्याच्या शोधांत आलेल्या लोकांस या कोठारांचें महत्त्व कळलें नाहीं. आपण मात्र तें विसरूं नये.

पुढें स्पॅनिशांनीं मेंढ्या आणिल्या, पायांनीं चालविण्याचा माग आणिला, आणि सक्तीच्या मजुरीचे विणकामाचे कारखाने काढले. तथापि खेड्यांतील बाईचा कमरेस बांधावयाचा माग बंद पडला नाहीं. १७८० सालीं दुसऱ्या तुपाक आमारूनें मोठें बंड केलें. १७८१ च्या मे महिन्यांत त्यास कुस्कोच्या चौकांत क्रूरपणें ठार मारण्यांत आलें, आणि शिक्षेच्या हुकुमांतच असें फर्माविलें, कीं इंका सरदारांनीं आपला पूर्वीचा पोशाख करूं नये, इंका राजांचीं चित्रें ठेवूं नयेत, आणि लोकांनीं क्वेचुआ सोडून स्पॅनिश बोलावें. हा हुकूम आमच्या मतें फार बोधप्रद आहे. डोंगरावर उभ्या असलेल्या भिंतींस सरकार भ्यालें नाहीं. तें भ्यालें अंगावरच्या वस्त्रास आणि तोंडांतल्या भाषेस. इतिहास कोठें जिवंत असतो, हें शत्रूस कधीं कधीं मित्राहून अधिक कळतें.

चिंचेरो हें गांव कुस्कोहूनही उंच, म्हणजे सुमारें ३,७६० मीटरांवर आहे. तुपाक इंका युपांकी या राजानें तेथें आपला वाडा व बागायती उभारली. तिच्याच पायावर आज ख्रिस्ती देऊळ उभें आहे. येथील बाई लोकर धुते ती साबणासारखा फेस देणारें एक मूळ किसून. चातीवर सूत काततें तिचा हात बोलतांनाही थांबत नाहीं. रंगासाठीं फड्या निवडुंगाच्या जातीवर वाढणारा एक बारीक किडा वाळवून चिरडतात. त्यापासून गर्द तांबडा रंग निघतो, आणि लिंबाचा रस पडतांच तो नारिंगीकडे झुकतो. आपला ‘किरमिजी’ हा शब्दही किड्यासाठीं असलेल्या फारसी शब्दावरूनच आलेला आहे, हें येथें आठवल्यावांचून राहत नाहीं. मागाचें एक टोंक खुंटास व दुसरें बाईच्या कमरेच्या पट्ट्यास बांधलेलें असतें. ती मागें रेलली कीं ताणा ताठतो, पुढें वांकली कीं सैल होतो. बाण्याचा धागा ठोकण्यास लामाच्या हाडाचें एक टोंकदार साधन असतें. नक्षी कागदावर काढलेली नसते. कोणते धागे उचलावयाचे आणि कोणते दाबावयाचे याची मोजदाद डोक्यांत असते, आणि आईकडून मुलीकडे ती पाहूनपाहून जाते. चांगलें वस्त्र चारही बाजूंनीं कांठासह मागावरच पुरें होतें. त्यास कात्री लावीत नाहींत.

येथें एक आक्षेप संभवतो. प्रवाशांसमोर तांसातांसाला दाखविलें जाणारें हें विणकाम म्हणजे नाटक नव्हे काय? आक्षेप अगदींच पोकळ नाहीं. यंत्रावर कृत्रिम धाग्याचें विणलेलें कापड अल्पाकाच्या लोकरीचें म्हणून विकण्याचे प्रकार त्या प्रदेशांत होतात. बायकांच्या पोशाखांतही स्पॅनिश काळाचा अंश आहेच. पण परंपरा म्हणजे न बदलणारी वस्तु, ही समजूतच मुळांत चुकीची आहे. विसाव्या शतकांत रासायनिक रंग व गिरणीचें सूत आलें, आणि वनस्पतींचे रंग तरुण मुली विसरूं लागल्या. तेव्हां चिंचेरोच्याच नील्दा काल्यान्याउपा या विणकरणीनें १९९६ सालीं कुस्को येथें पारंपरिक वस्त्रकलेची एक संस्था काढून वृद्ध बायकांची विद्या मुलींपर्यंत पोंचविण्याचें काम हातीं घेतलें. त्या कामास प्रवाशांचा पैसा लागला, हें खरें. इंकांच्या काळीं या विद्येस राजाचें कोठार पोसत होतें, आतां गिऱ्हाईक पोसतें. विद्या तेवढ्यानें खोटी ठरत नाहीं. मात्र गिऱ्हाईकानें खऱ्याची किंमत खोट्याच्या भावानें करूं नये, एवढी जबाबदारी त्याजवर येते.

ही जबाबदारी लहान नाहीं. २०१९ सालीं चिंचेरोच्या पठारावर आंतरराष्ट्रीय विमानतळासाठीं जमीन सपाट करण्यास आरंभ झाला. अनेक इतिहासज्ञांनीं व पुरातत्त्वज्ञांनीं त्यास विरोध केला. गांवांतील कांहींनीं जमिनी देऊन मोबदला घेतला, तर कांहींस जवळच्या पिउराय सरोवराच्या पाण्याची चिंता पडली. मुलांस रोजगार हवा आहे म्हणून ज्यांनीं जमीन दिली त्यांस दूर बसून दोष देणें सोपें आहे. आम्हीं तो देत नाहीं. पण माग चालविणारीस दिवसाची मजुरी नीट सुटली, तर तिच्या मुलीस निवड करतां येईल. न सुटली, तर निवड आधींच झालेली असेल.

यास्तव या अर्ध्या दिवसाच्या फेरीचा क्रम उलटा करावा, अशी आमची सूचना आहे. प्रथम चिंचेरोस जावें आणि एक वीतभर पट्टा विणावयास किती वेळ लागतो तो घड्याळ लावून पाहावा. मग साक्साय्वामानच्या भिंतीसमोर उभें राहावें. तोच हिशेब, तीच पुनःपुन्हां बसवून पाहण्याची चिकाटी, तेच पाळीनें एकत्र येणारे हात तेथें दगडांत दिसतील, आणि त्या भिंती राक्षसांनीं नव्हे तर या बायकांच्या पूर्वजांनीं बांधल्या, याविषयीं कोणाच्या मनांत संशय उरणार नाहीं.