भोपळा, लगदा आणि आजीची टोपली

परवा लेकीने फर्मान काढलं. दारात ठेवायला भोपळा हवा, पण खरा नको. गेल्या वर्षीचा खारींनी कुरतडला आणि उरलेला पायरीवर सडला. "आई, आपण कागदाचा करू."

इथे न्यू जर्सीत ऑक्टोबर लागला की दारोदार भोपळे दिसतात. आपण त्याला सरसकट हॅलोविनचं खूळ म्हणतो. मीही म्हणायचे. पण व्हिटिअर नावाच्या अमेरिकन कवीची १९व्या शतकातली भोपळ्यावरची कविता आहे. लहानपणी भोपळ्यावर तोंडं कोरून आत मेणबत्ती लावायचो, ही आठवण त्यात आहे. आणि कविता आहे थँक्सगिव्हिंगची, म्हणजे सुगीच्या सणाची! भुतंखेतं त्याला नंतर चिकटली. आयर्लंडमध्ये सलगम कोरून दिवे करत. १८४५ नंतरच्या बटाट्याच्या दुष्काळात तिथली लाखो माणसं अमेरिकेत आली, आणि इथे त्यांना सलगमापेक्षा कितीतरी मोठा, कोरायला सोपा भोपळा मिळाला.

कागदी भोपळाही काही आजचा नाही. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला जर्मनीतून लगद्याचे भोपळे, खाऊ भरायचे आणि दिव्याचे, अमेरिकेत येत. तिकडे थुरिंजियातल्या सोनेबर्ग गावात घरोघरी लगद्याच्या बाहुल्या होत. पहिल्या महायुद्धात तो माल थांबला. पुढे अमेरिकेतच, अंड्यांचे ट्रे होतात तसल्या लगद्याचे भोपळे निघाले. आज जुन्या वस्तू जमवणारे त्यासाठी चांगले पैसे मोजतात. पेपर माशे हे नाव फ्रेंच, अर्थ 'चावलेला कागद'. आपल्याकडे काश्मीरमध्ये ही कला १५व्या शतकात झैन-उल-अबिदीनच्या काळात मध्य आशियातून आली असं सांगतात.

असो. कृतीकडे वळते.

पहिली अडचण म्हणजे कागद. वर्तमानपत्र घरात येतच नाही! शेवटी दुकानांची जाहिरातपत्रकं जमवली. फुगा फुगवून त्याला दोऱ्याने उभे वेढे आवळले, म्हणजे भोपळ्याच्या फाका दिसतात. मैद्याची खळ केली, पट्ट्या चिकटवल्या. घाई नडली. पहिला थर ओला असतानाच दुसरा आणि तिसरा चढवला. चौथ्या दिवशी फुगा फोडला तर आत हिरवट बुरशी आणि वास... विचारू नका.

आईला सांगलीला फोन लावला. ती म्हणाली, "मेथ्या घातल्यास का?"

आणि मला आजीची टोपली आठवली. तुमच्यापैकी कुणाच्या घरी होती का? कागद रात्रभर भिजत घालायचा, कुटायचा, त्यात मेथ्यांची पूड घालायची, लगदा पातेल्यावर थापून वाळवायचा. मेथीच्या कडूपणाने कीड लागत नाही.

मी आईला म्हटलं, "ती टोपली अजून आहे?"

"आहे की. कपाटात."

"त्यात काय ठेवतेस?"

"काही नाही."

बराच वेळ ती गप्प होती. मग जे सांगितलं ते मला माहीत नव्हतं. आजोबा गेले त्या उन्हाळ्यात आजीने त्यांची ट्रंक रिकामी केली. पावत्या, जुनी पंचांगं, आणि आईच्या लग्नानंतर आजोबांनी तिला लिहिलेली कार्डं, जी तिने माहेरी जपायला ठेवली होती. आजीला वाचता येत नव्हतं. तिच्या दृष्टीने ते कागद होते, चांगले जाड. आई दिवाळीला गेली तेव्हा टोपली तयार होती, गेरूने रंगवलेली, खास तिच्यासाठी केलेली. आई आजीला कधी काही बोलली नाही. टोपली घेऊन आली.

"कडेला एका ठिकाणी रंग उडालाय," आई म्हणाली. "तिथे निळी शाई दिसते. अक्षर लागत नाही."

दुसरा भोपळा मी सावकाश केला. एकेक थर वाळू दिला, शेवटच्या लगद्यात दोन चमचे मेथीपूड घातली. घरभर वास येतोय, लेक नाक मुरडते आहे. मिक्सरमध्ये घालण्याआधी मात्र गठ्ठ्यातला एकेक कागद उलटसुलट करून पाहिला. पत्रकांत लेकीचं एक चित्र निघालं. आणि आईने मागच्या भेटीत लिहून दिलेली मेतकुटाची चिठ्ठी.