देवळालीचा ताप

इंग्रजी भाषेच्या थोरल्या कोशांत आपल्या महाराष्ट्रातली गावे शोधू गेल्यास फारशी हाती लागत नाहीत. मुंबईच्या डोंगरीने तिथे आपले जाडेभरडे कापड नेऊन ठेवले आहे, असे कोशकार सांगतात. 'डंगरीज' या नावाने ते आज जगभरचे कामकरी आणि शाळकरी मुले अंगात घालतात. आपला मुंगूसही मराठीतूनच उठून गेला आणि तिकडे 'मंगूस' म्हणून स्थिरावला. नाशिक जिल्ह्याचा मान मात्र जरा निराळा आहे. इथून त्या कोशात गेले ते द्राक्ष नव्हे, तांब्याचे भांडे नव्हे, पंचवटीतले एखादे देवस्थानही नव्हे. गेले ते एक विशेषण, आणि त्या विशेषणाचा अर्थ आहे 'डोके फिरलेला'. शब्द आहे 'डूलॅली'. आणि डूलॅली म्हणजे दुसरेतिसरे काही नसून नाशिक रोडच्या अलीकडचे आपले देवळाली!

हे ऐकून नाशिककरांनी रागावण्याचे कारण नाही. शब्द कुणी केला, कसा केला आणि त्यात वेडे नक्की कोण होते, हे एकदा समजून घेतले म्हणजे राग तर जातोच, उलट थोडी कणवच वाटू लागते.

प्रथम शब्दाची वागणूक पाहू. हे विशेषण घरगुती आहे. न्यायालयाच्या निकालात किंवा डॉक्टरांच्या कागदावर ते सापडायचे नाही. स्वयंपाकघरात आणि चहाच्या टेबलावर सापडेल. चष्मा कपाळावर ठेवून घरभर चष्मा शोधणारे आजोबा, एकाच दिवशी तीन वेळा दाराचे कुलूप पाहून येणाऱ्या मावशी, मधूनच भलतीकडे धावणारे घड्याळ, ही सारी मंडळी इंग्लंडात 'डूलॅली झाली' असे म्हणतात. बहुतेक वेळा हे विशेषण नामाच्या पुढे उभे राहत नाही, क्रियापदाच्या मागून येते: अमका डूलॅली आहे, तमका डूलॅली झाला. त्यात शिवी नाही. फार तर एक टपली आहे. आपण 'याचा एखादा स्क्रू ढिला आहे' म्हणतो, त्याच जातीची.

पण हा शब्द जन्मतःच विशेषण नव्हता. सुरुवातीला तो दोन शब्दांचा जोड होता, 'डूलॅली टॅप'. अमक्याला डूलॅली टॅप झाला, असे गोरे शिपाई एकमेकांत म्हणत. फ्रेझर आणि गिबन्स या दोघांनी सैनिकांच्या व नाविकांच्या तोंडच्या शब्दांचा कोश १९२५ साली छापला, त्यात हा जोडशब्द आहे. पुढे १९३७ साली एरिक पार्ट्रिजने आपल्या बोलभाषेच्या कोशातही त्याला जागा दिली. यातला 'टॅप' म्हणजे नळाची तोटी नव्हे. तो आहे आपला 'ताप'. हिंदुस्थानीत 'तप' म्हणजे ज्वर. छावणीतल्या भिश्त्या-धोब्यांच्या आणि बाजारकरी लोकांच्या तोंडून तो टॉमीच्या कानावर पडला असावा. मराठी माणसाला तर इथे कोश उघडण्याचीसुद्धा गरज नाही. अंग तापले तरी आपण ताप म्हणतो आणि कुणी भंडावून सोडले तरी 'डोक्याला ताप झाला' म्हणतो. देवळालीचा ताप हा या दोन्ही अर्थांनी ताप होता.

इथे एक गंमत सांगण्यासारखी आहे. संस्कृतातील 'तप्' धातू आणि इंग्रजीत लॅटिनमधून आलेला, 'कोमट' या अर्थाचा 'टेपिड' हा शब्द मुळात एकाच घरचे. म्हणजे गोऱ्या शिपायाने देवळालीच्या बाजारात जो शब्द उसना घेतला, तो त्याच्या स्वतःच्या भाषेतल्या एका शब्दाचा दूरचा भाऊबंदच होता. ओळख मात्र दोघांनाही पटली नाही.

आता नावाकडे वळू. 'देवळाली' म्हणताच आपल्याला देऊळ आठवते. इंग्रजाच्या जिभेला 'ळ' वळत नाही आणि रोमन लिपीत त्याला वेगळे अक्षरही नाही. कागदावर 'देवलाली' झाले आणि पलटणीच्या घाईत त्याचे 'डूलॅली'. शिपायांची ही जुनीच खोड होती. मोहरमच्या मिरवणुकीतला 'या हसन, या हुसेन' हा आक्रोश ऐकून त्यांनी त्याचे 'हॉब्सन-जॉब्सन' केले, आणि १८८६ साली यूल व बर्नेल यांनी अँग्लो-इंडियन शब्दांचा जो प्रसिद्ध कोश काढला त्याला तेच नाव दिले. 'विलायती'चे 'ब्लायटी' झाले आणि मायदेशाचे लाडके नाव बनले. 'देखो'चे 'डेको' झाले. आपण गावाच्या नावाला 'ई' लावून विशेषण करतो: कोल्हापुरी चपला, सोलापुरी चादर, पुणेरी पगडी. इंग्रजाने देवळालीला काहीच लावले नाही. मागचा 'ताप' तेवढा गळाला आणि उरलेले गावच विशेषण होऊन बसले.

पण वेडाशी देवळालीचे नाते आले कुठून? पुष्कळांची समजूत अशी की, तिथे वेड्यांचे मोठे इस्पितळ असले पाहिजे. समजूत चटकन पटणारी आहे, कारण आपणही तसेच बोलतो. 'आता मला ठाण्याला पोचवा' किंवा 'याला येरवड्याला पाठवले पाहिजे' हे वाक्य कोणत्या मराठी घरात ऐकू येत नाही? लंडनच्या बेथलेहेम नावाच्या जुन्या मनोरुग्णालयावरून इंग्रजीत 'बेडलम' हा गोंधळाचा वाचक शब्द रूढ झाला, तोही याच वाटेने. देवळालीची गोष्ट मात्र याहून वेगळी आहे. तिथे पलटणीचा दवाखाना होता, आजारी शिपाई तिथे असत. पण शब्दाला जन्म दिला तो दवाखान्याने नव्हे. तो दिला वाट पाहण्याने.

एकोणिसाव्या शतकाच्या साठीच्या दशकात देवळालीला लष्कराचा तळ पडला. जागा मोठ्या हिशेबाने निवडलेली होती. १८६५ साली कसाऱ्याचा घाट चढून आगगाडी वर आली आणि मुंबईचे बंदर घाटमाथ्याशी जोडले गेले. मुंबईपासून देवळाली लोहमार्गाने सुमारे १८० किलोमीटर. हवा कोरडी, मोकळे माळरान, दारणेचे पाणी जवळ. विलायतेहून आगबोटीने आलेल्या नव्या शिपायांना मुंबईच्या दमट हवेत न ठेवता इथे आणावे, जरा सवय होऊ द्यावी आणि मग जिथली पलटण असेल तिकडे रवाना करावे. तसेच मुदत संपलेल्या जुन्या शिपायांना देशभरातून इथे गोळा करून बोटीवर चढवावे, अशी व्यवस्था होती. एका अर्थी देवळाली हा ब्रिटिश फौजेचा उंबरठा होता. येणाराही तिथेच थांबे आणि जाणाराही.

येणाऱ्याचे एक बरे असे. तो नवखा असे, डोळे विस्फारून पाहत असे, आणि लवकरच पुढे जाई. गोची होई ती जाणाऱ्याची. फौजेच्या बोटी बारमाही चालत नसत. उन्हाळा आणि पावसाळा टाळून साधारण थंडीच्या महिन्यांतच त्यांच्या खेपा होत. १८६६-६७ च्या सुमारास या कामासाठी 'क्रोकोडाइल', 'युफ्रेटिस', 'जमना', 'मलबार' आणि 'सेरापिस' अशी पाच मोठी जहाजे मुद्दाम बांधली गेली, आणि १८६९ साली सुवेझचा कालवा खुला झाल्यावर प्रवासाचे दिवसही घटले. तरी हंगाम तो हंगामच. ज्याची मुदत हंगामाच्या शेवटी, बोट निघून गेल्यावर संपली, त्याला पुढली थंडी येईपर्यंत मोकळेपणी बसून राहण्यावाचून गत्यंतर नसे. आणि हा मोकळेपणाच त्याला खाई.

ही स्थिती डोळ्यांपुढे आणून पाहावी. सात-सात, आठ-आठ वर्षे परमुलखात काढलेला तिशीच्या आतबाहेरचा माणूस. कवायत जवळजवळ संपलेली, हत्यार परत केलेले, काम नाही, मुदत पुरी झालेली आणि तरी सुटका नाही. वर ऊन, खाली माळ, हातात थोडा पैसा आणि जवळ दारू. फ्रँक रिचर्ड्स नावाचा एक साधा शिपाई विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकात हिंदुस्थानात आणि ब्रह्मदेशात होता. त्याने १९३६ साली प्रसिद्ध केलेल्या 'ओल्ड सोल्जर साहिब' या आठवणींत या छावणीचे वर्णन आहे. वर्षानुवर्षे ज्यांच्या नावावर एकही गुन्हा नव्हता, अशी माणसे इथल्या रिकाम्या दिवसांत बिघडली, भलत्या भानगडींत सापडली, काही तर घराऐवजी तुरुंगात गेली, असे तो सांगतो. आणि डूलॅली टॅप हा शब्द या कंटाळ्यातूनच निघाला असावा, असे त्याचे मत आहे. तो पंडित नव्हता, पण ज्या माळावर शब्द जन्मला तो माळ त्याने पाहिलेला होता. अशा बाबतीत पंडितापेक्षा साक्षीदाराचे म्हणणे मोलाचे.

यात खरोखरचा तापही मिसळलेला असणार. हिवतापाने ग्लानी येते, माणूस बरळतो. आणि हिवताप डासांमुळे पसरतो याचा छडा रोनाल्ड रॉसने सिकंदराबादेस लावला तो १८९७ साली, म्हणजे तोवर तीन दशके या छावणीत तापाशी झगडणाऱ्यांना त्याचे मूळ ठाऊकच नव्हते. ज्यांचे मन खरोखरच ढासळले अशा शिपायांना विलायतेत नेटलीच्या लष्करी इस्पितळात पाठवीत. तिथे १८७० पासून मनोरुग्णांसाठी निराळा विभाग होता. त्या दुर्दैवी माणसांच्या वाटेवरही बोटीची वाट पाहण्याचा हाच मुक्काम असे. आज चहाच्या टेबलावर हसत हसत वापरल्या जाणाऱ्या शब्दाच्या तळाशी अशी काही माणसे आहेत, हे विसरून चालणार नाही.

आणि आपली माणसे? छावणीला लागूनच भगूर आहे. १८८३ साली याच भगुरात विनायक दामोदर सावरकरांचा जन्म झाला. एकाच शिवारातले हे दोन भाग पाहिले म्हणजे इतिहासाच्या विनोदबुद्धीचे नवल वाटते. छावणीतल्या गोऱ्याला केव्हा एकदा इथून जातो असे झाले होते, आणि शेजारच्या गावात वाढणाऱ्या पिढीलाही तो केव्हा एकदा जातो असे झाले होते. इतके एकमत राज्यकर्ते आणि प्रजा यांच्यात क्वचितच झाले असेल! अडत होते ते फक्त वरच्या दरबारात, जिथे ना त्या शिपायाला कुणी विचारी, ना आपल्याला.

दुसऱ्या महायुद्धानंतर ही वाट पाहण्याची गोष्ट पुन्हा एकदा मोठ्या प्रमाणावर घडली. युद्ध १९४५ साली संपले, पण बोटी थोड्या आणि माणसे अफाट. घरी पाठविण्यास विलंब लागतो म्हणून जानेवारी १९४६ मध्ये ब्रिटिश हवाई दलाच्या शिपायांनी कराचीजवळ चक्क काम थांबवले, आणि त्याचे लोण इतर तळांवरही पोचले. देवळालीचा जुना ताप आता गणवेशात राहूनच बोलू लागला होता. अखेर २८ फेब्रुवारी १९४८ रोजी ब्रिटिश फौजेची शेवटची तुकडी मुंबईच्या गेटवे ऑफ इंडियाच्या कमानीतून बाहेर पडली, आणि ऐंशीहून अधिक वर्षे चाललेले ते ताटकळणे संपले.

शिपाई गेले, शब्द मात्र त्यांच्या सामानातून विलायतेला गेला. १९७४ ते १९८१ या काळात बीबीसीच्या दूरचित्रवाणीवर फौजेतल्या नाटक कंपनीची एक विनोदी मालिका चालली. तिचे आरंभीचे कथानक देवळालीच्या छावणीतच घडते. नव्या पिढ्यांना हा शब्द बहुधा नुसता नादामुळे आवडतो. त्यामागे सह्याद्रीच्या माथ्यावरचे एक गाव आहे याचा पुष्कळांना पत्ताही नसतो.

तिकडे शब्दाचा असा संसार चालला असता इकडे देवळालीने काय केले? तिने माणसे बरी केली. त्याच कोरड्या हवेसाठी मुंबईची पारशी, गुजराती कुटुंबे हवापालटास येऊ लागली, आरोग्यभवने उभी राहिली, क्षयाने खंगलेल्यांना इथल्या हवेत श्वास सापडला. ज्या नावाचा अर्थ इंग्रजीत 'बिघडलेला' असा आहे, त्या गावी मुंबईकर सुधारायला येत, याहून चांगले उत्तर कोणते?

छावणी आजही आहे. तिथे आपल्या तोफखान्याचे विद्यालय आहे, आणि हा शिपाई आपला आहे. त्याचे घर साता समुद्रांपलीकडे नाही. ते सांगलीकडे असेल, पंजाबात असेल, नाहीतर केरळात असेल. पण दिवाळीच्या तोंडावर रजा मंजूर होते की नाही, गाडीत जागा मिळते की नाही, याची वाट त्यालाही पाहावी लागते, आणि तिकडे घरी त्याच्या नावाच्या करंज्या डब्यात काढून ठेवलेल्या असतात. त्या अवस्थेला कोशात शब्द असो वा नसो, तिचा ताप किती असतो हे ज्या घरातला माणूस या दिवाळीत अजून पोचलेला नाही, त्या घराला विचारावे.